उसनं वय

१८९१ सालच्या हिंदुस्थान सरकारच्या कायद्यांच्या यादीत दहावा आणि अकरावा कायदा एकमेकांना खेटून आहेत. दहावा संमतिवयाचा. पुरस्कर्ते मलबारी आणि विरोधक टिळक यांच्यामुळे तो शाळकरी इतिहासातही येतो. अकरावा गिरण्यांच्या कायद्यातली दुरुस्ती. कामगारनेते नारायण मेघाजी लोखंड्यांचं नाव काढल्याशिवाय तो कुणाला आठवत नाही. दहाव्याला हवं होतं : मुलीला बारा वर्षं पूर्ण झाली का? अकराव्याला हवं होतं : पोर नऊचं झालं का, आणि चौदाच्या आत आहे का? जन्मनोंदीचा पत्ता नाही, तेव्हा दोन्ही प्रश्न घेऊन जायचं डॉक्टरकडेच.

ही शेजारधर्माची गोष्ट मला योगायोग वाटत नाही. पॉक्सोच्या, म्हणजे अठरा वर्षांखालच्या मुलांवरच्या लैंगिक गुन्ह्यांच्या कायद्याच्या, खटल्यात पीडितेचं वय ज्या ज्या साधनांनी सिद्ध होतं, त्यांतलं एकही मुळात पीडितेसाठी घडवलेलं नाही, असं माझं म्हणणं आहे.

सुरुवात इंग्लंडात. १८३३ च्या कायद्याने कापडगिरण्यांत नऊ वर्षांखालच्या मुलांना बंदी केली, पण जन्मनोंदणी सुरू झाली ती १८३७ मध्ये. मधल्या काळात वय कसं ठरवायचं? उंची मोजून पाहिली. पण कुपोषित पोर ठेंगणं आणि धट्टंकट्टं पोर थोराड. १८३७ मध्येच एडविन सॉन्डर्स या दंतवैद्याने शेकडो मुलांची तोंडं तपासून पार्लमेंटपुढे पुस्तिका ठेवली : उंचीपेक्षा दात खरे बोलतात. आजही आपल्याकडच्या वैद्यकीय अहवालात दातांचा रकाना असतो. दुसरी कायमची दाढ साधारण बाराव्या वर्षी येते, आणि दहाव्या कायद्याची रेघही बारावरच. यातून मी सिद्धान्त काढत नाही, पण मोह होतो खरा.

विरोधी मत असं की, हा वारसा गिरणीचा नव्हे, संमतिवयाच्या वादाचाच. त्यात दम आहे. १८९० च्या कलकत्त्याच्या हरी मोहन मैती खटल्यात मृत पत्नीचं वय तेव्हाच्या दहाच्या रेघेवर धरलं गेलं, म्हणून बलात्काराचा आरोप लागूच झाला नाही. नवरा एका वर्षाच्या सक्तमजुरीवर सुटला. (तिचं नाव इतिहासाच्या पुस्तकांत सर्रास छापतात, आजच्या खटल्यातल्या पीडितेचं छापलं तर गुन्हा ठरेल.) पण त्या वादात विधेयकाचे विरोधक काय मागत होते? वयाचा आकडा नको, ऋतुप्राप्ती धरा. म्हणजे वर्षं मोजण्याची हौस त्या बाजूची नव्हती. ती गिरणीच्या फाटकावरची. डॉक्टर आजही यौवनखुणा नोंदवतात, तेवढं मात्र प्रतिपक्षाला द्यायला हवं.

मग आला क्ष-किरणांचा टप्पा. १९३७ मध्ये गॉलस्टन यांनी भारतीयांच्या हाडांच्या जुळणीचा अभ्यास छापला, आणि कोपर, मनगट, कमरेच्या हाडाची फिल्म कोर्टात येऊ लागली.

यापुढची उसनवारी अधिक मजेशीर. हाडांच्या चाचणीत दोन्ही बाजूंनी दोन वर्षांची चूक धरा, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८२ मध्ये जयमाला प्रकरणात म्हटलं. ते होतं जम्मू-काश्मीरमध्ये स्थानबद्ध केलेल्या एका मुलाचं. शाळेच्या रजिस्टरातली तारीख कुणी, कशाच्या आधारे लिहवली ते सिद्ध करा, हा १९८८ चा बिराद मल सिंघवी निकाल. तो तर निवडणुकीच्या उमेदवाराच्या वयाचा! आणि २०१३ मध्ये जर्नेल सिंग निकालाने पीडितेला वयाची जी शिडी दिली, ती आरोपी मुलांसाठीच्या नियमातली. २०१५ च्या बाल न्याय कायद्याच्या कलम ९४ मध्येही ती आहे : आधी शाळेचा किंवा मॅट्रिकचा दाखला, तो नसेल तर महापालिका-पंचायतीचा जन्मदाखला, काहीच नसेल तर हाडं. म्हणजे मूल जन्मलं त्या गावच्या नोंदीपेक्षा शाळा वरचढ. ज्या महाराष्ट्रात अर्ध्या पिढीचा वाढदिवस गुरुजींनी १ जूनला उरकला, तिथे हे वाचून हसू येतं.

साक्षीच्या पिंजऱ्यात मुख्याध्यापक जनरल रजिस्टर छातीशी धरून उभे राहतात. बचाव पक्षाचा वकील विचारतो, ‘नोंद तुमच्या हस्ताक्षरात आहे का?’ नाही, आधीच्या सरांच्या. ‘जन्मतारीख कुणी सांगितली?’ रकाना कोरा. ‘मग तुम्हाला वैयक्तिक माहिती नाही?’ नाही. प्रश्न तीन, आणि निम्मी केस गेली.

मग हाडं. स्थानबद्ध मुलासाठी ती दोन वर्षं सवलत होती. पीडितेच्या खटल्यात शंकेचा फायदा आरोपीला, म्हणून दिल्ली उच्च न्यायालयाने २०२४ मध्ये सांगितलं की अहवालातलं वरचं वय धरा आणि त्यात दोन वर्षं मिळवा. अहवाल म्हणतो सोळा ते अठरा. कोर्ट वाचतं वीस, आणि पॉक्सो त्या खटल्यातून बाहेर.