कचेरीतली चित्रं आणि मराठा पलटण

फ्लॉरेन्समधल्या त्या जगप्रसिद्ध कलासंग्रहालयाचं नाव आहे 'उफ्फित्सी'. आता हे नाव ऐकायला कसं झोकदार वाटतं, पण इटालियनमध्ये त्याचा सरळ अर्थ आहे 'कचेऱ्या'. म्हणजे बॉत्तिचेल्ली, लिओनार्दो, मायकेलएंजेलो वगैरे मंडळी जिथे टांगली आहेत त्या इमारतीला मराठीत आपण 'जुनी कलेक्टर कचेरी' म्हणू तसंच हे.

झालं असं की १५६० साली फ्लॉरेन्सचा ड्यूक पहिला कोसिमो मेदिची याने ज्योर्जो वसारी या आपल्या चित्रकार-कम-आर्किटेक्टला बोलावून सांगितलं, की शहरभर विखुरलेली सगळी सरकारी खाती आणि व्यापाऱ्यांच्या संघांची कार्यालयं मला एका छताखाली हवीत, आणि तीही माझ्या वाड्याला लागून. थोडक्यात, सगळे कारकून साहेबाच्या नजरेखाली. ज्यांनी कधी एखाद्या कंपनीच्या 'कॅम्पस'वर नोकरी केली आहे त्यांना कोसिमोचा हेतू समजावून सांगायची गरज नाही. वसारी आणि कोसिमो दोघंही १५७४ साली गेले, काम दुसऱ्यांनी पुरं केलं, आणि १५८१ मध्ये कोसिमोचा मुलगा फ्रान्चेस्को याने सगळ्यात वरच्या मजल्यावर घरातले पुतळे आणि चित्रं नेऊन मांडली. खाली फायली, वर कला. संग्रहालयाचा जन्म हा असा.

गेल्या वर्षी एप्रिलमध्ये मी, बायको आणि सासूबाई तिथे गेलो होतो. आम्ही तिघांसाठी स्वतंत्र गाईड घेतली होती. बुकिंग करताना आकडा बघून हात जरा थरथरला हे खरं, पण सासूबाईंचे गुडघे आणि तिथली रांग यांचा हिशोब केल्यावर दुसरा इलाज नव्हता. अडीच तास एक माणूस फक्त आपल्याशी बोलणार, आपल्याला हव्या त्या चित्रापुढे हवं तितकं थांबणार, ही चैन मी आयुष्यात पहिल्यांदाच केली. गाईडबाई फ्लॉरेन्सच्याच, पन्नाशीच्या, गळ्यात परवान्याचा बिल्ला, आणि इंग्रजी बोलताना प्रत्येक वाक्याच्या शेवटी हात हवेत.

त्यांनी सुरुवातीलाच एक मजेशीर गोष्ट सांगितली. आम्ही जी चैन समजत होतो तीच इथली मूळ पद्धत! १७६९ सालापर्यंत हे संग्रहालय जनतेसाठी खुलं नव्हतं. तोवर बघायचं असेल तर आधी परवानगी काढायची, मग किल्ल्या घेऊन एक रखवालदार तुमच्याबरोबर येणार, दारं उघडणार, काय काय आहे ते सांगणार. म्हणजे जवळजवळ दोनशे वर्षं इथे आलेला प्रत्येक पाहुणा 'प्रायव्हेट टूर'वरच आला.

या पाहुण्यांना सगळ्यात आधी नेत असत त्रिबुना नावाच्या अष्टकोनी दालनात. बुओन्तालेन्तीने १५८४ च्या सुमारास बांधलेलं. घुमटाला आतून शिंपले जडवलेले, भिंती लाल मखमलीच्या. मेदिचींचं जे जे उत्तम ते ते इथे. योहान झोफनी नावाच्या चित्रकाराला इंग्लंडच्या शार्लट राणीने १७७२ मध्ये खास या दालनाचं चित्र काढायला पाठवलं. त्या चित्रात इंग्रज साहेब लोकांची अशी झुंबड आहे की दादर स्टेशन परवडलं. कोणी व्हीनसच्या पुतळ्याला मागून निरखतोय, कोणी चित्र खाली उतरवून हातात धरलंय. आज मात्र तुम्ही कितीही पैसे मोजा, त्रिबुनात पाऊल टाकता येत नाही. दारातूनच बघायचं. फरशी जपायला हवी ना.

त्या दारातच सासूबाईंनी प्रश्न विचारला, आणि माझ्या मते त्या दिवशीचा तोच सगळ्यात चांगला प्रश्न होता. "एवढं सगळं राजाचं खाजगी होतं म्हणता. मग राजघराणं संपल्यावर कुणी विकून कसं नाही खाल्लं?"

गाईडबाई इतक्या खूश झाल्या की विचारू नका. त्यांनी आम्हाला सरळ खिडकीजवळच्या बाकावर बसवलं आणि आन्ना मारिया लुइझाची गोष्ट सांगितली. ही मेदिची घराण्यातली शेवटची. जन्म १६६७. लग्न होऊन जर्मनीला गेली, मूलबाळ नाही, १७१६ मध्ये नवरा वारला, पुढच्या वर्षी माहेरी परत आली. धाकटा भाऊ जान गास्तोने पुढे गादीवर आला, त्यालाही मूल नाही. युरोपातल्या बड्या सत्तांनी तो जिवंत असतानाच बसून ठरवून टाकलं होतं, की याच्यामागे तोस्काना लोरेनच्या फ्रान्सिसला द्यायचं. जिचं राज्य तिला कोणी विचारलंही नाही. जुलै १७३७ मध्ये भाऊ गेला. बाईंच्या हातात गादी आली नाही, पण घराण्याची खाजगी मालमत्ता तिची होती: चित्रं, पुतळे, ग्रंथ, जडजवाहीर.

आणि तिने काय केलं, तर एक करार केला. ३१ ऑक्टोबर १७३७ रोजी. माझा सगळा वारसा मी नव्या ग्रँड ड्यूकला देते, पण अट अशी, की यातली कुठलीही वस्तू राजधानीतून आणि राज्याबाहेर हलवायची नाही. हे सगळं राज्याला शोभा म्हणून, लोकांच्या उपयोगासाठी आणि परदेशी पाहुण्यांना ओढ वाटावी म्हणून इथेच राहील. परदेशी पाहुणे! १७३७ साली! टुरिझम हा शब्दसुद्धा जन्मला नव्हता तेव्हा.

माझा रोजचा निम्मा दिवस कुठल्या ना कुठल्या करारातली कलमं वाचण्यात जातो, आणि ती कोणीही न वाचता 'आय अ‍ॅग्री' करतं हे मला ठाऊक आहे. म्हणून मला या बाईंचं जास्तच कौतुक वाटलं. सैन्य नाही, गादी नाही, वारस नाही. एक कलम, बस्स. या कलमाची किंमत कळायला शेजारची घराणी बघावीत. मान्तुआच्या गोंझागांनी त्यांचा अप्रतिम चित्रसंग्रह १६२७-२८ च्या सुमारास इंग्लंडच्या पहिल्या चार्ल्सला विकला. पुढे चार्ल्सचं डोकं उडालं आणि चित्रं पुन्हा लिलावात निघून दाही दिशांना गेली. मोदेनाच्या ड्यूकला पैसे कमी पडले तर त्याने १७४६ मध्ये निवडक शंभर चित्रं सॅक्सनीच्या इलेक्टरला विकून टाकली, ती बघायला आज ड्रेस्डेनला जावं लागतं. आपल्याकडच्या संस्थानांतलं काय काय कुठल्या परदेशी लिलावात निघालं त्याची यादी करायला बसलो तर हा लेख संपायचाच नाही. असो.

कलम अगदीच अभेद्य निघालं असंही नाही. मेदिचींचं शस्त्रागार अठराव्या शतकातच मोडीत निघालं. त्यांचा तो १३७ कॅरेटचा पिवळा 'फ्लॉरेन्टाइन' हिरा लोरेनवाल्यांबरोबर व्हिएन्नाला गेला, पहिल्या महायुद्धानंतर बेपत्ता झाला, आणि शंभर वर्षं लोक शोधत असताना २०२५ मध्ये हॅब्सबर्ग वंशजांनी सांगितलं की तो कॅनडातल्या एका बँकेच्या तिजोरीत आहे. त्रिबुनातल्या व्हीनसच्या पुतळ्याला नेपोलियनने पॅरिसला नेलं, ती त्याच्या पाडावानंतर १८१५ मध्ये परत आली. पण चित्रं? चित्रं राहिली.

मग बॉत्तिचेल्लीची दालनं. इथे गर्दी म्हणजे गर्दी. सगळे हात वर करून मोबाईलमध्ये चित्र बघतायत. 'प्रिमावेरा', म्हणजे वसंत, हे चित्र दोन मीटर उंच आणि तीन मीटरहून जास्त रुंद, साधारण १४८० चं, आणि कॅनव्हासवर नाही तर लाकडी फळ्यांवर रंगवलेलं. संत्र्यांची बाग, मधे व्हीनस, एका बाजूला फुलांनी भरलेली वसंतदेवी. फळ्यांवर आहे म्हटल्यावर माझ्या डोक्यात लगेच आलं, की हे धूड युद्धात हलवलं कसं असेल? तसं विचारलं. गाईडबाई म्हणाल्या, गावाकडच्या एका किल्ल्यात लपवलं होतं, १९४४ मध्ये ब्रिटिश सैन्याला ते तिथे सापडलं. आणि आम्ही पुढच्या चित्राकडे गेलो.

ते 'ब्रिटिश सैन्य' माझ्या डोक्यातून जाईना. रात्री हॉटेलवर वाचत बसलो. आणि मंडळी, खरी गोष्ट अशी आहे.

बाँबहल्ल्यांच्या भीतीने फ्लॉरेन्सची चित्रं आसपासच्या वाड्यांत आणि गढ्यांत हलवली होती. त्यातली एक गढी मॉन्तेगुफोनी, शहराच्या नैर्ऋत्येला वीसेक किलोमीटरवर, सिटवेल या इंग्रज घराण्याच्या मालकीची. तिथे 'प्रिमावेरा' होतं, उच्चेल्लोचं सान रोमानोची लढाई होतं, चिमाब्वे आणि जोत्तो यांच्या त्या प्रचंड मादोना होत्या. एकूण चित्रं अडीचशेच्या आसपास. १९४४ च्या जुलैमध्ये लढाईची आघाडी नेमकी या टेकड्यांवर आली. उफ्फित्सीचा ग्रंथपाल चेझारे फासोला हा गृहस्थ त्या धुमाळीत फ्लॉरेन्सहून चक्क पायी निघाला. कशासाठी, तर चित्रांजवळ कोणीतरी असावं म्हणून! जवळच्या मॉन्तान्याना गावातल्या वाड्यातली चित्रं जर्मनांनी आधीच ट्रकमध्ये भरून उत्तरेला नेली होती. मॉन्तेगुफोनीत जर्मन सैनिक होते, आसऱ्याला आलेले गावकरी होते, आणि भिंतींना टेकवलेली चित्रं होती. फासोला तिथेच राहिला.

जुलैच्या अखेरीस जर्मन मागे हटले आणि गढीत शिरली ती आठव्या हिंदी डिव्हिजनची माणसं. कुठली पलटण? मराठा लाइट इन्फन्ट्री! लेखक एरिक लिंकलेटर आणि बीबीसीचा वार्ताहर विनफर्ड व्हॉन-थॉमस हे दोघं तिथे आले, आणि अंधाऱ्या खोल्यांतून हिंडताना त्यांच्या लक्षात आलं की समोर उभं आहे ते खरंखुरं 'प्रिमावेरा' आहे. लिंकलेटरने नंतर लिहून ठेवलंय की कोणी बघत नाहीसं पाहून त्याने चित्रातल्या बायकांची चुंबनं घेतली. (आज असं केलं तर काय होईल याचा विचार करवत नाही.) आघाडी अजून हाकेच्या अंतरावर होती, तोफा चालू होत्या. चित्रांवर पहारा बसला. मराठा जवानांचा.

मी हे वाचून किती तरी वेळ नुसता बसून राहिलो. सातारा, कोल्हापूर, रत्नागिरी, कुलाबा इथल्या खेड्यांतली पोरं. बेळगावला शिकून बाहेर पडलेली. त्याच महिन्यात, १० जुलैला, तिकडे तीबेर नदीच्या खोऱ्यात माणगावकडच्या नाईक यशवंत घाडगे यांना लढताना मरण आलं आणि मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. मॉन्तोने गावात त्यांच्या नावाचं स्मारक उभं राहिलं ते २०२३ मध्ये. त्यांचं नाव तरी राहिलं. मॉन्तेगुफोनीच्या दारावर बंदूक घेऊन उभ्या राहिलेल्यांची नावं कुठल्याही पाटीवर मला दिसली नाहीत. आपल्यामागे भिंतीला टेकलेली ती फुलांच्या अंगरख्यातली बाई कोण, हे त्यांना कोणी सांगितलं असेल का? आणि स्वतःच्याच देशात पारतंत्र्यात असलेल्या माणसाने दुसऱ्याच्या देशाचा ठेवा राखावा, ह्याला काय म्हणायचं ते मला अजून नीट सुचलेलं नाही. अभिमान वाटतो, पण नुसता अभिमान नाही.

३ ऑगस्टच्या रात्री जर्मनांनी फ्लॉरेन्समधले आर्नो नदीवरचे पूल उडवायला सुरुवात केली. एक पाँते व्हेक्कियो तेवढा सोडला, पण त्याच्या दोन्ही टोकांची घरं जमीनदोस्त केली. नेलेली चित्रं इटलीच्या उत्तर टोकाला डोंगरांत सापडली आणि २२ जुलै १९४५ रोजी ट्रकच्या ताफ्यातून वाजतगाजत परत आली.

सकाळी नाश्त्याला मी हे सासूबाईंना सांगितलं. त्यांचं माहेर साताऱ्याकडचं, अपशिंगे मिलिटरीच्या वाटेवरचं. हातातला कप खाली ठेवून त्या म्हणाल्या, "म्हणजे आपलीच पोरं की." आणि मग थोड्या वेळाने, "त्या बाईला सांगितलंस का?"

सांगितलं. मेल केली. दुसऱ्या दिवशी उत्तर आलं. बाईंनी फासोलाचं पुस्तक वाचलेलं होतं, हिंदी सैनिक होते हेही ठाऊक होतं, पण 'मराठा' हे नाव कोण्या जागेचं, भाषेचं की जातीचं, हे त्यांना विचारायचं होतं. आता याचं तीन ओळीत उत्तर कसं देणार! मी दीड पान लिहिलं. जाताजाता हेही लिहिलं, की तुमच्या शहरातल्या काशीने बागेच्या टोकाला ज्या 'इंडियन' राजाची छत्री आहे, ते कोल्हापूरचे राजाराम महाराज, १८७० मध्ये विशीतच तुमच्याकडे वारले, तेही त्याच मुलखातले. त्यावर आलेलं उत्तर एका ओळीचं होतं: पुढचा मराठी गट कधी येतोय?

मॉन्तेगुफोनीच्या त्या गढीत आता पाहुण्यांसाठी खोल्या भाड्याने मिळतात. बायकोने दर बघून ठेवलेत. मी अजून बघितलेले नाहीत.