हरवलेल्या अक्षराची नावे

स्कॉटलंडमधली काही नावे वाचणाऱ्याला हमखास चकवतात. रोमन लिपीत 'मेन्झीज' दिसणाऱ्या आडनावाचा जुना स्कॉटिश उच्चार 'मिंगिस', 'डॅल्झील' दिसणाऱ्याचा 'डीएल', आणि एअरशरच्या समुद्रकाठी रॉबर्ट अ‍ॅडमने नव्याने उभारलेला 'कल्झीन' किल्ला तिथल्यांच्या बोलण्यात 'कलेन'. हा लोकांच्या लहरीचा खेळ, असे म्हणून पुढे जाणे सोपे आहे. माझे मत उलट आहे: लहरी आहे ते लेखन, आणि उच्चाराने मूळ बरेचसे सांभाळले आहे.

या नावांत आज जिथे 'झेड' आहे, तिथे पूर्वी 'योघ' हे वेगळेच अक्षर होते. त्याचा आकार जवळजवळ आपल्या ३ सारखा. इंग्लंडमध्ये लेखनिकांनी ते हळूहळू मोडीत काढून 'वाय' आणि 'जीएच' रूढ केले. रात्र या अर्थाच्या 'नाइट' शब्दातला मुका 'जीएच' त्याच्याच जागी आला आहे. स्कॉटलंडमध्ये मात्र योघ टिकले आणि 'न', 'ल' यांच्यापुढे 'न्य', 'ल्य' असा मृदू उच्चार दाखवू लागले. मेन्झीज घराण्याचे नाव नॉर्मंडीतल्या मेनियेर गावावरून आले असे मानतात, आणि त्या उच्चारात 'झ' कुठेच नाही. 'कॅपरकेली' हा रानपक्षी जुन्या पुस्तकांत 'झेड' घालून लिहिलेला सापडतो, पण त्याच्या मूळ गेलिक नावातही 'झ' नाही. इतकेच काय, शेटलंडच्या काउंटीचे अधिकृत नाव 1975 पर्यंत 'झेटलंड' होते.

याचे खापर सहसा मुद्रकांवर फोडले जाते. एडिनबरोमध्ये 1508 साली चेपमन आणि मिलर यांनी छपाई सुरू केली, परदेशी खिळ्यांत योघ नव्हते, म्हणून 'झेड' बसवला, अशी ही हकिगत. ती अपुरी आहे. स्कॉटिश हस्ताक्षरात योघ आणि शेपटीचा 'झेड' आधीच एकसारखे दिसू लागले होते, त्यामुळे जुळाऱ्याने फार तर दिसले तेच जुळवले. तरीही छापखान्याची जबाबदारी उरतेच. हस्तलिखित वाचणाऱ्याला एका आकाराचे दोन उच्चार ठाऊक असत. छापील पान मात्र त्या परंपरेबाहेरच्या वाचकापर्यंत गेले आणि त्याने 'झेड' पाहून 'झ' म्हटले.

मग 'मॅकेंझी' म्हणणारे सगळे चुकतात का? भारताचा पहिला सर्व्हेअर जनरल कॉलिन मॅकेंझी आपल्याकडेही 'झ'सकटच ओळखला जातो, आणि त्या नावाचे धारकही आज तसेच म्हणतात. ज्याचे नाव, त्याचा उच्चार प्रमाण, हे मान्यच करावे लागेल. पण रूढ झाल्याने 'झ' प्राचीन ठरत नाही, आणि 'मिंगिस' म्हणणाऱ्याला अडाणी ठरवण्याचा हक्कही कुणाला मिळत नाही. ऑस्ट्रेलियाचे पंतप्रधान रॉबर्ट मेन्झीज यांचे आडनाव देशभर 'झ'ने उच्चारले जाई, तरी त्यांचे टोपणनाव पडले ते 'मिंग'.