विहिरीतला पाव, उपवासाचा लाडू

वसईच्या पट्ट्यात एक गोष्ट पिढ्यानपिढ्या सांगितली जाते. पाद्री रात्री गावात यायचे आणि विहिरीत पाव टाकून जायचे. पहाटे बायका पाणी भरायच्या, घराघरांत ते प्यायलं जायचं, आणि मग कुणीतरी विहिरीत डोकावून बोंब ठोकायचं. झालं, गाव बाटलं! शेजारच्या गावातल्या जातभाईंनी रोटीबेटी तोडली की चर्चशिवाय दुसरं दार उघडं नसायचं.

ही गोष्ट मी हिंदूंच्या तोंडून ऐकली आहे आणि ख्रिश्चनांच्याही. ती इतिहास म्हणून घेऊ नये. धर्मांतरामागे राजसत्ता होती, पाडलेली देवळं होती, नव्या धर्मासोबत येणाऱ्या सवलती होत्या. आमच्याच बाजूला, बोरिवलीच्या मंडपेश्वर लेण्याचं सोळाव्या शतकात चर्च झालं होतं. पण या गोष्टीने जे गृहीत धरलंय ते मला जास्त महत्त्वाचं वाटतं. श्रद्धा बदलली म्हणून धर्म बदलला असं ही गोष्ट म्हणतच नाही. तिच्या मते धर्म पोटातून जातो, तोही नकळत, आणि त्याला भिजलेल्या पावाचा एक तुकडा पुरतो.

तोच पाव आज महाराष्ट्राचा नाश्ता आहे. वडा-पाव, मिसळ-पाव, उसळ-पाव, ऑम्लेट-पाव. बाटवणाऱ्या वस्तूचं राज्याच्या अभिमानात रूपांतर कसं झालं, हा प्रश्न मला वसईत पडला. एका रविवारी सकाळी तिथे ‘न्याहारी-फेरी’ होती. आम्ही आठ जण, पुढे एक निवृत्त शिक्षक. ते वसईतच जन्मलेले, घरी वाडवळी बोलणारे. सगळे त्यांना नुसतं ‘सर’ म्हणत होते. किल्ला, बेकरी, हॉटेल आणि शेवटी एका वाडीतलं घर, असा बेत होता.

मी राहतो हाटकेशला. मीरा रोडहून गाडी पकडली की भाईंदर, मग खाडी, पाणजू बेट, नायगाव आणि वसई रोड. कामाच्या दिवशी मी याच्या उलट दिशेला जातो, त्यामुळे हा पूल माझ्यासाठी सुट्टीचा पूल आहे. खाडीच्या या तीरावर साष्टी, त्या तीरावर वसई. गुजरातच्या बहादूरशाहाने २३ डिसेंबर १५३४ च्या तहात दोन्ही पोर्तुगीजांना देऊन टाकली. म्हणजे ज्या कागदावर वसई गेली, त्याच कागदावर आमच्या सोसायटीखालची जमीनही गेली. हे सरांनी सांगेपर्यंत मला पोर्तुगीज म्हणजे पलीकडच्या तीरावरची भानगड वाटत होती.

किल्ल्यात दोनशे वर्षं एक आखीव शहर नांदलं. तटाच्या आत चर्चं, मठ, रुग्णालय, कचेऱ्या आणि श्रीमंतांची घरं होती. आता वेलींनी धरलेल्या भिंती आणि फोटो काढायला आलेली जोडपी आहेत. मे १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी वसई घेतली, तेव्हा चर्चच्या घंटा मराठे घेऊन गेले. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळात एक आहे, वाईजवळच्या मेणवलीत एक आहे. मेणवलीच्या घंटेवर मेरी आणि बाळ येशूची आकृती आहे.

“घंटा बाटली नाही,” सर म्हणाले आणि पुढे चालू लागले.

हे वाक्य दिवसभर माझ्या डोक्यात राहिलं.

बेकरीत भट्टीतून लादी निघत होती. पाव हा शब्द पोर्तुगीज ‘पांव’वरून आला. पण युरोपातली पाककृती इथे जशीच्या तशी उतरली नाही. पीठ फुगवायला पोर्तुगीजांना जे लागत होतं ते इथे माडाच्या शेंड्यावर मिळालं. ताज्या माडीत पीठ आंबवायचं. म्हणजे तंत्र परकं आणि जीव इथल्या झाडाचा. भाताच्या देशात गव्हाची भाजलेली, आंबवलेली, परक्याच्या हातची वस्तू आली, तीही माडीने फुगवलेली. सोवळ्याच्या हिशेबात यातलं एकेक कारण पुरेसं होतं, इथे सगळीच एकत्र आली होती.

म्हणूनच पुढे ज्यांना जात मोडायची होती, त्यांनी पावच निवडला. १८४९ मध्ये मुंबईत दादोबा पांडुरंग तर्खडकर आणि त्यांच्या मित्रांनी परमहंस सभा काढली. हेच ते मराठी व्याकरणकार दादोबा. सभा गुप्त होती. सभासद होणाऱ्याने ख्रिस्ती माणसाने भाजलेला पाव खायचा आणि मुसलमानाच्या हातचं पाणी प्यायचं, ही तिथली दीक्षा. शपथ कुणीही घेऊन मोडू शकतो, पण गिळलेला घास परत येत नाही. विहिरीच्या गोष्टीतलं तर्कशास्त्र या तरुणांनी उलटं फिरवलं. ज्याने बाटतो, तेच जाणूनबुजून खायचं. पण उजेडात खायची हिंमत मात्र फार थोड्यांत होती. १८६०च्या सुमारास सभासदांची यादी चोरीला गेली, नावं बाहेर फुटली आणि सभा विरघळली.

त्यानंतर तीस वर्षांनी पुण्यात तोच प्रयोग चहा-बिस्किटांवर झाला. १४ ऑक्टोबर १८९० रोजी पंचहौद मिशनमध्ये व्याख्यानाला गेलेल्या मंडळींपुढे चहा-बिस्किटं आली. मंडळींत रानडे होते, टिळकही होते. गोपाळराव जोशींनी उपस्थितांची नावं ‘पुणे वैभव’मध्ये छापून आणली आणि ग्रामण्य उभं राहिलं. चौकशी बसली, प्रायश्चित्तं झाली. टिळकांनी आपण काशीला प्रायश्चित्त घेतल्याचं सांगितलं, रानड्यांनी १८९२ मध्ये घेतलं. आज ऑफिसात दिवसाला चार वेळा जे बेफिकीरपणे पोटात जातं, त्यासाठी न्यायाधीशही सुटला नव्हता.

बेकरीतून आम्ही नाक्यावरच्या हॉटेलात गेलो. मिसळ आली. सरांनी चमच्याने हजेरी घेतली. मटकी, कांदा, खोबरं, हळद हे जुने रहिवासी. मिरची मेक्सिकोच्या बाजूची. टोमॅटोचं नावसुद्धा तिथल्या नाहुआत्ल भाषेतल्या ‘तोमात्ल’वरून आलेलं. बटाटा मूळचा दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज पर्वतातला, आणि हिंदीने ‘आलू’ म्हटलं तरी मराठीने पोर्तुगीजांचं ‘बटाटा’ सोडलं नाही. शेंगदाणा दक्षिण अमेरिकेचा. १४९२ आधी यातलं काहीही भारतात नव्हतं. मिरची येण्याआधी इथला तिखटपणा मिरी आणि पिंपळीवर चालायचा. नव्या वस्तूला लोकांनी मिरीच्याच घराण्यातलं नाव दिलं आणि ती घरची होऊन बसली.

पाव आणि मिरची या दोघांना इथे आणणारे हात तेच. मग मिरचीने कुणी का बाटलं नाही? शेताच्या बांधावर रात्री कुणी मिरचीचं बी टाकून गेलं आणि गाव ख्रिस्ती झालं, अशी एकही गोष्ट का नाही?

माझ्या मते उत्तर त्या घंटेत आहे. बी आणि धातू यांना माणसाच्या हाताची आठवण राहत नाही, असं आपण मानत आलो. धातू चिंचेने घासला की स्वच्छ. बी मातीत गेलं की मातीचं. शिधा कुणाकडूनही घेता येई, शिजवलेलं अन्न मात्र नाही. ज्याने पीठ मळलं त्याचा हात पावात राहतो. पोर्तुगीजांशी, मेक्सिकोशी, परदेशाशी या विटाळाला काही देणंघेणं नव्हतं. तो हाताचा विटाळ होता. आणि हा नियम काही पोर्तुगीजांसाठी केलेला नव्हता. गावकुसाबाहेरच्या माणसासाठी तो कित्येक शतकं आधीपासून तयार होता. परमहंस सभेने फिरंग्यांचा पाव खाल्ला, पण स्वतःच्या गावातल्या महाराच्या घरची भाकरी दीक्षेत ठेवली नाही, हेही इथे नोंदवायला हवं.

आमच्यातल्या एका ताईंची त्या दिवशी संकष्टी होती. त्या फक्त इतिहास ऐकायला आल्या होत्या. मिसळीपुढे त्या शांत बसून राहिल्या. सरांनी पिशवीतून त्यांच्यासाठी वसईची सुकेळी आणि राजगिऱ्याचा लाडू काढला.

“आज खरा मेक्सिकन ब्रेकफास्ट तुमचाच,” ते म्हणाले. ताईंना ती थट्टा वाटली. ती थट्टा नव्हती.

राजगिरा हे मेक्सिकोतलं प्राचीन अन्न. आस्तेक लोक त्याच्या पिठात मध वगैरे मळून देवांच्या मूर्ती करत, सणाला त्या मूर्ती मोडून प्रसाद म्हणून खात. सोळाव्या शतकातल्या फ्रान्सिस्कन पाद्री साहागुनने हे सगळं तपशिलात लिहून ठेवलं आहे. देवाचं शरीर खाणं हे पाद्र्यांना आपल्या प्रभुभोजनाचं विडंबन वाटलं. राजगिऱ्याच्या या विधींवर बंदी आली आणि लागवड आटत गेली. पण लाह्यांना गोडाच्या पाकात बांधायची रीत उरली. तिथे त्या मिठाईला ‘आलेग्रीया’ म्हणतात, म्हणजे आनंद. आपला राजगिऱ्याचा लाडू आणि ती मिठाई शेजारी ठेवली, तर कोणती कुठली हे ओळखणं अवघड जाईल. तिकडे पाखंडी ठरलेलं धान्य इकडे उपवासाचं झालं.

साबुदाण्याच्या खिचडीचंही तेच. साबुदाणा मूळचा आग्नेय आशियातल्या एका ताडाच्या गराचा. आपल्याकडे आज मिळतो तो टॅपिओकाच्या कंदाचा, १९४०च्या दशकापासून तमिळनाडूतल्या सेलम भागात बनू लागलेला. कंद दक्षिण अमेरिकेचा, दाण्याचं कूट दक्षिण अमेरिकेचं, बटाटा तिकडचाच, मिरची मेक्सिकोची. आमच्या धंद्याच्या भाषेत सांगायचं तर उपवासाचे नियम ही ब्लॉकलिस्ट आहे. तांदूळ, गहू, डाळी यांची नावं तीत आहेत. नियम ठरले तेव्हा जे अस्तित्वातच नव्हतं, त्याचं नाव यादीत कुठून असणार? नवखे आले, यादीत सापडले नाहीत, थेट गाभाऱ्यात गेले.

मेक्सिकोत पावाचं नशीब आणखी वेगळं निघालं. तिथे स्पॅनिशांनी गहू नेला. गव्हाचा पाव मालकांचा, मक्याची भाकरी जिंकलेल्यांची, अशी उतरंड लागली. तिथे पाव म्हणजे चढलेली पायरी, इथे पाव म्हणजे घसरलेली. भट्टी एकाच तऱ्हेची, पण पदार्थाची किंमत खाणाऱ्यांच्या समाजाने लावली.

वसई आणि मेक्सिको यांची एक गाठ मात्र माणसांतही पडली आहे. किल्ल्यातल्या जेझुइट चर्चपाशी सरांनी ती सांगितली होती. गोन्सालो गार्सिया हा वसईत जन्मलेला, पोर्तुगीज बापाचा आणि इथल्या आईचा मुलगा. तो जपानला गेला, व्यापारी झाला, मनिलात फ्रान्सिस्कन ब्रदर झाला आणि दुभाष्या म्हणून पुन्हा जपानला पोचला. १५९६ मध्ये मनिलाहून मेक्सिकोतल्या आकापुल्कोला निघालेलं ‘सान फेलिपे’ जहाज जपानच्या किनाऱ्याला लागलं. त्यात मेक्सिको शहरात जन्मलेला फेलिपे दे हेसूस होता. ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकीत ज्या २६ जणांना क्रुसावर चढवलं, त्यांत हे दोघेही होते. १८६२ मध्ये दोघे एकाच दिवशी संत ठरले. मेक्सिकोतल्या कुएर्नावाका या जुन्या शहराच्या कॅथीड्रलमध्ये, रंगाच्या थरांखाली झाकलेली भित्तिचित्रं विसाव्या शतकात उघडी पडली. ती याच नागासाकीच्या हुतात्म्यांची आहेत. वसईच्या माणसाची कथा तिथल्या भिंतीवर आहे आणि तिथलं धान्य ताईंच्या हातातल्या लाडवात.

शेवटचा थांबा एका वाडीतला. केळी, पानवेलीचे मांडव, बाजूला बावखल. घरच्या मावशींनी फुगे तळायला घेतले होते. मैदा, अंडं, नारळाचं दूध. मुठीतून पीठ दाबून कढईत सोडायचं, की ते स्वतःच टम्म फुगून वळतं. लग्नाकार्याचा हा पदार्थ. पूर्वी पीठ माडीत आंबायचं. दारूबंदी आली, परवाने आले, माडावर चढणारेही कमी झाले. आता यीस्टची पुडी.

“चव तशी नाही येत,” मावशी म्हणाल्या, “पण फुगतात.”

ताई कढईशेजारी उभ्या राहून सगळं विचारून घेत होत्या. निघताना त्यांनी चार फुगे डब्यात मागून घेतले, चंद्रोदयानंतर उपास सोडायला. मावशींनी आठ भरले. दीडशे वर्षांपूर्वी हे चार फुगे जातीबाहेर जायला पुरेसे होते, हे त्या क्षणी स्वयंपाकघरात फक्त सरांच्या आणि माझ्या डोक्यात असावं. त्या दोघींचं चाललं होतं नारळाचं दूध पातळ घ्यावं की घट्ट.

इथे थांबलो तर हा गोड शेवट होईल, पण तो खरा नाही. दोन वर्षांपूर्वी मी भाड्याचं घर शोधत होतो. एका सोसायटीत एजंटने पगाराआधी विचारलं, “खाता काय?” मग आडनाव विचारलं, आणि ते ऐकून खाण्याचा प्रश्न पुन्हा विचारला. मला ते घर मिळालं नाही. प्रायश्चित्ताची सोयही आता राहिलेली नाही, नुसतं ‘ओनरला फॅमिली पाहिजे’ असं सांगतात.

त्याच सोसायटीच्या फाटकातून रोज सकाळी सायकलवर पाववाला आत जातो. हॉर्न वाजवतो, मजल्यामजल्यावरून पिशव्या खाली सोडल्या जातात आणि लादी वर खेचली जाते. पाव कुणाच्या हातचा, हे त्याला कुणी विचारत नाही. त्याने तिथे घर मागितलं तर मात्र विचारतील.