ललिताबाईंचा डावा डोळा

माझी आजी ललिता पवारला शिव्या द्यायची. जत्रेत तंबूतला सिनेमा बघितलेला, त्यात ही सासू. "मेलीचा डोळाच सांगतो, काळजानं काळी हाय ते," असं आजी म्हणायची. मीपण तेच धरून चाललो होतो. डोळा बारीक, म्हणजे बाई वाईट. सूतगिरणीत लागल्यावर मात्र या डोळ्याचा इतिहास शोधावासा वाटला. का, ते पुढं सांगतो.

ललिताबाई आमच्या वाटेवरच्या. कोपरगावला गोदावरी ओलांडून मनमाडच्या रस्त्यानं निघालं की नगर जिल्हा संपतो आणि येवला येतं. आम्हाला येवला माहीत ते १३ ऑक्टोबर १९३५ साठी. हिंदू म्हणून जन्मलो तरी हिंदू म्हणून मरणार नाही, हे बाबासाहेबांनी तिथंच सांगितलं. त्या मुक्तिभूमीला आमच्या वस्तीतली माणसं जातात. त्याच येवल्यात १८ एप्रिल १९१६ ला लक्ष्मणराव सगुण या रेशमाच्या व्यापाऱ्याच्या घरी अंबिका जन्मली. तीच पुढं ललिता झाली. ते घर आमच्या घरासारखं नव्हतं, हे आधीच सांगून टाकतो. पैठणीच्या गावात रेशमाचा धंदा म्हंजे खाऊनपिऊन सुखी. बाईला आमच्यातली म्हणून ओढून आणायचं नाही मला.

पण पोरवयातच ती कामाला लागली. पुण्याच्या आर्यन फिल्म कंपनीत महिना १८ रुपये पगार होता, असं सांगतात. १९२८ च्या 'राजा हरिश्चंद्र' या मूकपटात ती पडद्यावर आली. कंपनी हा शब्द नीट बघा. आज नट म्हटलं की मोटार आणि बंगला डोळ्यापुढं येतो. तेव्हाचे पुष्कळ नट महिन्याच्या पगारावरचे नोकर होते, वर मालक होता.

ती नुसती नाचगाण्यापुरती बाहुली नव्हती. १९३२ ला 'कैलास' या मूकपटाच्या निर्मितीत तिचा हात होता. बोलपट आले तेव्हा बोलली. १९३५ ला 'हिम्मते मर्दां' आला, पुढं टॉलस्टॉयच्या कादंबरीवरचा 'दुनिया क्या है' तिनं काढला. देखणी नायिका म्हणून नाव झालं होतं.

मग १९४२ साल. 'जंग-ए-आझादी'चं चित्रीकरण. भगवान पालव, म्हंजे पुढचे भगवानदादा, यांनी तिला थोबाडीत मारायची, असा प्रसंग. हात मोजून बसला नाही, जोरात बसला. डाव्या डोळ्याची शीर फुटली, तोंडाला लकवा मारला. उपचार लांबत गेले. डोळा लहान झाला तो कायमचा. नायिका तिथंच संपली.

हे वाचलं तेव्हा मला आमचं रिंग खातं दिसलं. माझ्या शेजारच्या साच्यावरच्या माणसाचं बोट पट्ट्यात गेलं होतं. कापसाच्या धुळीत ते सापडेना. मुकादम म्हणाला, "लक्ष कुठं होतं तुझं?" बोट गेलं ते गेलं, वर माणूस बेफिकीर ठरला. पुढं त्याला झाडू मारायच्या कामावर टाकलं, आणि नवीन पोरं त्याला थोटा म्हणून हाक मारायला लागली. त्याचं नाव आता हजेरीपटावरच राहिलंय.

कामगार नुकसानभरपाईचा कायदा १९२३ चा होता. पुढं त्याच्या तक्त्यात कुठला अवयव गेला तर कमाईची ताकद किती टक्के गेली, ते लिहिलेलं होतं. दुसरा चांगला असताना एक डोळा गेला तर ४० टक्के. ललिताबाईंची तर कमाईच चेहऱ्यावर होती. तिचं मोजमाप कुठल्या तक्त्यात करणार?

आणि ज्या हातानं ती थप्पड बसली तो हात कुणाचा? गिरणी कामगाराच्या पोराचा. भगवानदादांचा बाप कापड गिरणीत होता, पोरानंही आधी मजुरीच केली. मालकाच्या खेळात दोघं कामावर होते. एकाचा हात चुकला, दुसरीचं तोंड गेलं. यात कुणाला खलनायक करावं, मला कळत नाही.

बाई परत आली. १९४४ ला 'रामशास्त्री'त आनंदीबाई झाली. १९५० ला 'दहेज'मधली सासू. नंतर सासवाच सासवा. सिनेमावाल्यांनी जखमेचंच भांडवल केलं. जखम झाली कामावर, आणि लोकांनी तिला स्वभाव समजून वाचलं. माझ्या आजीनंही. आमच्या माणसांना तर हे कळायला पाहिजे होतं. आमचंही अंग, रंग, आडनाव बघून लोक आमचा स्वभाव ठरवत आलेत की.

तरी 'श्री ४२०' (१९५५) बघा. रस्त्यावर केळी विकणारी गंगामाई. 'अनाडी' (१९५९) बघा. मिसेस डिसा तोंडानं करवादते आणि पोटात माया. त्या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं. १९६१ ला संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार. तोच डोळा, तिथं पाण्यानं भरतो तेव्हा बघवत नाही.

१९८७ च्या 'रामायण' मालिकेत ती मंथरा. २०२० च्या टाळेबंदीत दूरदर्शननं ती मालिका पुन्हा दाखवली, गिरणी बंद होती म्हणून मी बघितली. वनवास धाडला राजानं, हट्ट केला राणीनं, आणि शिव्या खातीय कुबडी दासी. हे मला नवीन नव्हतं.

२४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात औंधला ललिताबाई गेल्या. घरात एकट्याच होत्या, नवरा दवाखान्यात. गेल्याचं कळायलाच दोन दिवस लागले.

हे सगळं मी आजीला वाचून दाखवलं. ती बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "आन् त्या मारणाऱ्याचं काय झालं?"

सांगितलं. 'अलबेला' काढला १९५१ ला, पैसा आला, बंगला आला, मोटारी आल्या, सगळं गेलं. २००२ ला दादरला चाळीतल्या खोलीत मेला.

"चाळीत व्हय," आजी म्हणाली, आणि चुलीकडं गेली.