बर्फ, मिरची आणि एक पेला



वसंत व्याख्यानमालेच्या व्यासपीठावरून मद्याच्या पेल्याविषयी बोलावयाचे म्हणजे आधी थोडा खुलासा करावयास हवा. मी स्वतः घेत नाही. मी चाळीत वाढलो. पगाराच्या रात्री कोणाच्या बिऱ्हाडात मटण शिजते आणि कोणाच्या बिऱ्हाडात भांडी आपटतात, हे भिंतीपलीकडून ऐकतच मोठा झालो. पुढे कामगार संघटनेत आल्यावर पगाराच्या दिवशी फाटकाशी उभे राहून काही माणसांना हाताला धरून घरापर्यंत पोचविण्याचे कामही केले. तेव्हा आजचा विषय मद्याच्या प्रचाराचा नाही, इतिहासाचा आहे. शाळा मी दहावीनंतर सोडली. वाचले ते युनियनच्या कचेरीत आणि सार्वजनिक वाचनालयात. त्यामुळे इतिहास म्हटला की राजांच्या आधी मला हमालच दिसतात. तो दोष श्रोत्यांनी पोटात घालावा.

झाले असे की, गेल्या उन्हाळ्यात माझ्या पुतणीने घरी एक तिखट, गोठविलेले पेय करावयाचे मनावर घेतले. ‘मार्गारिटा’ हे त्याचे नाव. टकीला नावाचे मेक्सिकन मद्य, संत्र्याचे गोड मद्य, लिंबाचा रस, थोडा साखरेचा पाक आणि हिरव्या मिरचीच्या चकत्या, असे सारे मिक्सरमध्ये बर्फाबरोबर फिरवावयाचे आणि पेल्याच्या काठाला मीठ व तिखट लावून द्यावयाचे. तिने घाई केली. बर्फ कमी, मद्य जास्त, आणि वर ते मिश्रण रात्रभर फ्रीझरमध्ये ठेविले. सकाळी पाहते तो पातळच! तिने मला विचारले, “काका, हे गोठत का नाही?”

प्रश्न साधा होता. उत्तरही साधे आहे. पाणी शून्य अंशाला गोठते. चाळीस टक्के अल्कोहोलचे मद्य गोठावयास उणे पंचवीसच्याही खाली जावे लागते. घरचा फ्रीझर उणे अठराच्या आसपास थांबतो. साखरही गोठणे लांबविते. म्हणून अशा पेयात पाणी किती, साखर किती, मद्य किती, हे प्रमाण साधले तरच ते पळीवाढ्या रव्यासारखे होते. पण तिला उत्तर देताना माझ्या मनात आले की, या एका पेल्यात बर्फ, मिरची, मद्य आणि यंत्र हे चार पाहुणे चार वाटांनी आले आहेत, आणि प्रत्येकाच्या मागे कोणाचे तरी हात आहेत.

बर्फापासून आरंभ करू. बोस्टनचा फ्रेडरिक ट्यूडर नावाचा एक व्यापारी होता. १८०६ साली त्याने तळ्यावरचा बर्फ जहाजात भरून वेस्ट इंडीजमधील मार्टिनिक बेटावर धाडला. लोक हसले. त्याला तोटा आला, पुढे कर्जापायी तुरुंगही पाहावा लागला. पण माणूस हटवादी. १८३३ च्या मे महिन्यात त्याचे ‘टस्कनी’ हे जहाज १८० टन बर्फ घेऊन बोस्टनहून निघाले आणि विषुववृत्त दोनदा ओलांडून सप्टेंबरात कलकत्त्यास पोचले. वाटेत वितळून सुमारे १०० टन उरला होता! लाकडाचा भुसा भरून तो टिकविला होता. म्हणजे तिकडच्या वखारींतला केर इकडच्या साहेबांच्या पेल्याला कामी आला. पुढच्याच वर्षी मुंबईतही हा बर्फ उतरला. कलकत्ता, मद्रास, मुंबई येथे त्यासाठी बर्फघरे बांधली गेली. मद्रासचे बर्फघर आजही उभे आहे. १८९७ साली स्वामी विवेकानंद तेथे राहिले होते, म्हणून ते आता त्यांच्या नावाने ओळखले जाते.

हा बर्फ काढीत कोण? ट्यूडरचा सहकारी नॅथॅनिएल वायेथ याने १८२५ च्या सुमारास घोड्याने ओढावयाचा बर्फाचा नांगर काढला. गोठलेल्या तळ्यावर तो उभ्याआडव्या रेघा पाडी, आणि मग मजूर पहारींनी चौकोनी लाद्या फोडीत. थोरोच्या ‘वॉल्डन’ या प्रसिद्ध ग्रंथात, १८४६-४७ च्या हिवाळ्यात त्या तळ्यावर येणाऱ्या शंभर आयरिश मजुरांचा उल्लेख आहे. मायदेशी बटाट्याचे पीक सडून दुष्काळ पडला होता, तीच ही वर्षे. घरी उपासमार, येथे बर्फावर मजुरी, आणि त्या धंद्याचा माल हिंदुस्थानातल्या कंपनी सरकारच्या मेजवानीपर्यंत! हा हिशेब कोणत्या खातेवहीत मांडावयाचा, हे मला अजून कळलेले नाही.

पुढे अमोनियाची यंत्रे आली आणि एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बोस्टनचा बर्फ आपल्या बंदरांतून नाहीसा झाला. या यंत्रांशी माझी ओळख पुस्तकातली नाही. काही वर्षांपूर्वी मी बंदराजवळच्या एका बर्फाच्या कारखान्यात संघटना बांधली. कारखान्याचे नाव सांगत नाही. लाकडी फळ्यांखाली खाऱ्या पाण्याचा मोठा हौद असतो. त्यात गोड्या पाण्याचे पत्र्याचे उभे डबे बुडवून ठेवितात. अमोनियाने गार केलेले खारे पाणी स्वतः गोठत नाही, पण डब्यातले पाणी गोठविते. एकेक लादी शंभर किलोंच्या वर. ती आकड्याने ओढावयाची, घसरगुंडीवरून सोडावयाची. पायाखाली सदा ओल. आमच्या लोकांच्या पायांत रबरी बूट नव्हते, गोणपाट गुंडाळीत. एका रात्री नळीचा जोड सुटला आणि अमोनिया पसरला. एका वयस्क कामगाराच्या डोळ्यांना कायमची इजा झाली. त्या वेळी कारखान्यात तोंडावर लावावयाचा मुखवटा एकच होता, आणि तो व्यवस्थापकाच्या खोलीत कुलपात होता. बूट आणि मुखवटे मिळावयास आम्हांला चौदा महिने लागले. बर्फ मात्र एक दिवसही थांबला नाही. मासळी थांबत नाही, तसा तोही थांबत नाही.

जाता जाता एक उपयोगाची गोष्ट. २०१८ साली महाराष्ट्राच्या अन्न व औषध प्रशासनाने न खाण्याच्या बर्फाला निळा रंग घालण्याचा नियम केला. पेल्यात घालावयाचा बर्फ घरीच, उकळून गाळलेल्या पाण्याचा करावा, हे बरे.

आता मिरची. ती मेक्सिकोची लेक. तेथील लोक हजारो वर्षांपासून ती पिकवीत आले. अझ्टेक लोक कोकोच्या पेयात मिरची घालून, फेस काढून ते थंडच पीत; तेव्हा तिखट थंड पेय ही आजच्या पोरांची टूम नव्हे. कोलंबस मिरे शोधावयास निघाला आणि त्याला ही सापडली. त्याच्या माणसांनी तिला मिऱ्याच्याच नावाने हाक मारली. आपणही तेच केले, मिऱ्यावरून मिरची! सोळाव्या शतकात ती पोर्तुगीजांच्या गलबतांतून आपल्या किनाऱ्यावर उतरली. त्याच वाटेने ब्राझीलचा काजू गोव्यात आला. आणि म्हणून गोव्याच्या माणसाला मार्गारिटाचे नवल वाटत नाही. मार्च ते मे, म्हणजे नेमक्या या व्याख्यानांच्या दिवसांत, काजूच्या बोंडांच्या रसाची पहिल्या धारेची हुर्राक निघते. ती लिंबू, मीठ, चिरलेली हिरवी मिरची आणि बर्फ घालून, वर लिंबाचा सोडा ओतून पितात. दोन्ही पाहुणे अमेरिकेतले; गाठ पडली ती मांडवीच्या काठी.

थंड पेय तिखट का लागावे, हेही एक कोडेच होते. जिभेवर उष्णता ओळखणारे जे द्वार आहे, तेच मिरचीतील तिखट द्रव्याने उघडते, असे डेव्हिड ज्युलियस यांनी १९९७ साली दाखविले. २०२१ चे नोबेल पारितोषिक त्यांना विभागून मिळाले. गारव्याने ते द्वार मंदावते, म्हणून पहिल्या घोटाला तिखट लपते आणि बर्फ वितळला की मागाहून चढते. मद्य तर त्या द्वाराला अधिकच हळवे करते. मिरच्या मोजून घालाव्यात, त्या यासाठी.

टकीलाविषयी थोडक्यात सांगतो. कोरफडीसारख्या दिसणाऱ्या निळ्या अगावेचा गाभा भाजून ती काढतात. झाड तयार व्हावयास सहा-सात वर्षे लागतात. पाने छाटणाऱ्या मजुरास ‘हिमादोर’ म्हणतात. लांब दांड्याच्या गोल पात्याच्या हत्याराने तो ऊन खात हे काम करतो. मार्गारिटा प्रथम कोणी केली यावर मात्र डझनभर दावेदार आहेत. त्या भांडणात पडण्याचे आपल्याला कारण नाही.

यंत्राची गोष्ट मला सर्वांत आवडते, कारण तिच्या मुळाशी कामगाराची तक्रार आहे. १९७१ साली टेक्सासमधील डॅलस शहरी मारियानो मार्तिनेझ या तरुणाने खाणावळ उघडली. त्याच सुमारास त्या राज्यात पेल्यापेल्याने मद्य विकण्यास मोकळीक मिळाली होती. त्याच्या वडिलांच्या कृतीच्या गोठविलेल्या मार्गारिटावर गिऱ्हाइकांच्या उड्या पडल्या. बारवर काम करणारा लिंबे कापून आणि मिक्सर फिरवून बेजार झाला, एकेक पेला वेगळ्या चवीचा होऊ लागला, आणि तो नोकरी सोडण्याची भाषा बोलू लागला. दुसऱ्या दिवशी मार्तिनेझ एका दुकानात गेला, तो तेथे मुलांसाठी बर्फाळ सरबत देणारे यंत्र फिरत होते. त्याने मऊ आइसक्रीमचे एक जुने यंत्र घेतले, साखर-पाणी-मद्याचे प्रमाण पुन्हा पुन्हा बदलून पाहिले, आणि गणित जुळले. माझ्या पुतणीचे जे चुकले, तेच हे गणित! त्याने एकस्व घेतले नाही. यंत्र देशभर पसरले. मूळ यंत्र २००५ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय इतिहास संग्रहालयात गेले. गोष्ट सांगताना मालकाचे नाव घेतात; तक्रार करणारा मात्र बहुधा ‘बारवाला’ एवढाच उरतो. मी वाटाघाटींना बसतो तेव्हा ही गोष्ट व्यवस्थापकांना ऐकवितो. मनुष्य कुरकुरतो तेव्हा बहुधा कामाची मांडणी चुकलेली असते, हे त्यांना आमच्या मागणीपत्रापेक्षा तिच्यातून लवकर पटते.

पुतणीने दुसऱ्या खेपेस प्रमाण साधले. मद्य अर्धे केले, बर्फ वाढविला, मिरची दहा मिनिटेच भिजवून काढून टाकली. तिच्या मैत्रिणी खूश झाल्या. माझ्यासाठी तिने वेगळे भांडे केले. कैरीचा गर, मीठ, मिरची आणि नावाला साखर, मद्य नाहीच. तेही रात्रभर फ्रीझरमध्ये ठेविले. आता त्यात गोठणे अडविणारे काहीच नव्हते. सकाळी त्याची लादी झाली होती. चमचा वाकला. शेवटी मी ती फडक्यात गुंडाळून वरवंट्याने फोडली, आणि आम्ही दोघांनी ओट्याशी उभे राहून तिचे तुकडे गोळ्यासारखे चोखून संपविले.