एका ऑर्गनवादकाचा हक्क

जुन्या संगीत नाटकांच्या छापील प्रती ज्यांनी हाताळल्या आहेत त्यांना पदाच्या माथ्यावर मूळ चिजेचा निर्देश करणारी ‘चाल’ आठवत असेल. शब्द एकाचे, चाल दुसऱ्याची, हे आपल्याकडे उघड मान्य होते. ‘मानापमाना’च्या (1911) पदांचा विषय निघाला म्हणजे खाडिलकरांबरोबर गोविंदराव टेंब्यांचेही नाव निघते, ते योग्यच होय. परंतु साथीला बसलेल्या पेटीवाल्याचे काय? त्याने भरलेली एखादी जागा पदाहूनही अधिक कानांत ठसली, तर ती कोणाची म्हणावी? इंग्लंडात हा प्रश्न एका रॉक गीतावरून न्यायालयापुढे आला आणि गीत निघाल्यापासून बेचाळीस वर्षांनी त्याचा अंतिम निवाडा झाला. तो वृत्तांत आम्हांस मनोवेधक वाटला.

गीताचे नाव ‘अ व्हायटर शेड ऑफ पेल’. शब्द कीथ रीड याचे. एका मेजवानीत कानी पडलेल्या बोलण्यावरून शीर्षक सुचले, असे तो सांगत असे. त्या शब्दांचा अर्थ लावण्याचा उद्योग तेव्हापासून अव्याहत चालू आहे. आमच्या मते त्यातून निष्पन्न फारसे काही होत नाही. चाल गॅरी ब्रुकर या गायक-पियानोवादकाची. पायरीपायरीने खाली उतरत जाणारा खर्ज आणि त्यावर रचलेली स्वरसंगती, ही कल्पना त्याला जर्मन रचनाकार बाख याच्या ‘एअर’ या प्रसिद्ध रचनेवरून सुचली. तीही मूळ रूपात नव्हे. झाक लूसिए या फ्रेंच वादकाने बाखला जॅझचा साज चढविला होता आणि तो इंग्लंडात एका चिरुटाच्या जाहिरातीत वाजत असे. धर्मनिष्ठ बाख चिरुटाच्या वाटेने रॉक संगीतात शिरला, ही गंमत इतिहासाचीच म्हणावयाची.

ब्रुकर आणि रीड यांचे गीत याप्रमाणे तयार झाल्यावर ‘प्रोकोल हारम’ हा वादकसंच जमला व त्यात मॅथ्यू फिशर हा तरुण हॅमंड ऑर्गन वाजविण्यास आला. 1967 च्या एप्रिलात लंडनच्या ऑलिंपिक स्टुडिओत ध्वनिमुद्रण झाले. निर्माता डेनी कॉर्डेल. तालवादक बिल आयडन तर संचातील नव्हेच, त्या कामापुरता मोलाने बोलाविलेला. गीताच्या आरंभी आणि कडव्यांच्या मध्ये जी ऑर्गनची संथ स्वरावली येते ती फिशरने बसविली. एखाद्या रिकाम्या प्रार्थनामंदिरात उभे असावे तसा तिचा परिणाम होतो. हे गीत ज्याने एकदाच ऐकले आहे, त्यालाही शब्दांपूर्वी ती आठवते.

त्या काळी ब्रिटनमध्ये नभोवाणीचा मक्ता बी.बी.सी.कडे होता आणि किनाऱ्याबाहेर नांगरलेल्या जहाजांवरून बिनपरवाना केंद्रे चालत. त्यांपैकी ‘रेडिओ लंडन’ने तबकडी बाजारात येण्यापूर्वीच ती वाजविली. 12 मे 1967 रोजी ‘डेरम’ कंपनीने ती प्रसिद्ध केली. 8 जून रोजी ती ब्रिटनमधील खपाच्या यादीत अग्रस्थानी पोचली व सहा आठवडे तेथे राहिली. त्याच वर्षी 15 ऑगस्टला कायदा होऊन जहाजांवरील केंद्रांवर बंदी आली. 1977 मध्ये मागील पंचवीस वर्षांतील सर्वोत्कृष्ट ब्रिटिश गीताचा मान त्याला क्वीन या संचाच्या ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’बरोबर विभागून मिळाला.

एवढे यश पदरी पडूनही रचनाकार म्हणून नावे दोनच होती, ब्रुकर आणि रीड. वादक म्हणून तबकडीच्या विक्रीतील वाटा फिशरला मिळे. रचनेच्या स्वामित्वधनातील मिळत नसे. 1969 मध्ये त्याने संच सोडला, पुढे 1991 मध्ये तो पुन्हा त्यात आला, आणि दावा मात्र 31 मे 2005 रोजी लावला.

2006 मध्ये न्यायमूर्ती ब्लॅकबर्न यांच्यापुढे सुनावणी झाली. प्रतिपक्षाचे म्हणणे असे की, गीत फिशर येण्यापूर्वीच पूर्ण होते आणि त्याने वाजविले ते ब्रुकरच्या स्वरसंगतीवर. हे म्हणणे अगदीच पोकळ नाही. खर्ज ब्रुकरचा, त्याच्या मागे बाख. मग फिशरचे काय उरले? उरली ती स्वरावली, आणि न्यायमूर्तींनी तिलाच स्वतंत्र व ठळक भर मानले. फिशरने निम्मा हिस्सा मागितला होता. आधारभूत रचना ब्रुकरची म्हणून त्याला संगीताच्या हक्काचा 40 टक्के हिस्सा मिळाला. आम्हांस हे वजनमाप न्याय्य वाटते. मात्र उद्या आयडनच्या वारसांनी तालाचा हिस्सा मागितला तर काय, ही शंका मनात येतेच. तिचे उत्तर सर्व गीतांस लागू पडेल अशा एका नियमात सापडणार नाही. प्रत्येक वेळी कान देऊनच ठरवावे लागेल.

2008 मध्ये अपील न्यायालयाने फिशरचे सहकर्तृत्व मान्य केले, परंतु अडतीस वर्षे गप्प बसल्याचे कारण देऊन बहुमताने त्याचा हिस्सा काढून घेतला. कर्ता तो खरा, पण धनी नव्हे! 30 जुलै 2009 रोजी लॉर्ड सभेच्या पाच न्यायाधीशांनी एकमताने हा निर्णय फिरविला. स्वामित्वहक्क ही मालमत्ता आहे, केवळ उशीर झाल्याने ती बुडत नाही, आणि या विलंबाने प्रतिपक्षाचे नुकसान नव्हे तर लाभच झाला होता, असा त्यांचा अभिप्राय पडला. साठीचे दशक आठवणाऱ्यांपैकी आपण एक आहोत व या वादकाला अखेर श्रेय मिळाल्याचा आपल्याला आनंद आहे, असे त्यांतील लेडी हेल यांनी नमूद केले. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात लॉर्ड सभेचे हे न्यायकार्य नव्या सर्वोच्च न्यायालयाकडे गेले.

ब्रुकर 2022 मध्ये आणि रीड 2023 मध्ये निवर्तले. गीताच्या नोंदीत आता तीन नावे असतात. फिशरचा हिस्सा 31 मे 2005 पासून धरला गेला. त्यापूर्वीच्या काळाचे त्याला काही मिळाले नाही.