कपडे उतरले, वेश राहिला

रद्दीवाल्याकडच्या जुन्या इंद्रजाल कॉमिक्समध्ये मला फ्लॅश गॉर्डन पहिल्यांदा भेटला. शुद्ध मराठी बोलणारा हा गोरा वीर मोंगो ग्रहावर जाऊन क्रूर सम्राट मिंगशी लढायचा. पुढे बऱ्याच वर्षांनी कळलं, की १९७४ साली अमेरिकेत याच कथेची टर उडवणारा 'फ्लेश गॉर्डन' नावाचा कामुक सिनेमा निघाला होता. फ्लेश म्हणजे मांस, देह. एका मात्रेचा खेळ!

असल्या सिनेमाला पन्नास वर्षं चाहते कसे टिकले? मला वाटतं, विडंबन त्यालाच कळतं ज्याला मूळ गोष्ट पाठ आहे. अ‍ॅलेक्स रेमंडची चित्रकथा १९३४ची, तिच्यावरची तेरा भागांची सिनेमालिका १९३६ची. ती पुढे टीव्हीवर बघत वाढलेली मुलं १९७४मध्ये मोठी झाली होती. बालपणीच्या वीराची फजिती बघायला तीच आली.

विनोद पाचकळ आहेत, त्यात शंका नाही. पण राक्षस मन लावून केलेत. बाहुली केसभर हलवायची, एक चित्र घ्यायचं, पुन्हा हलवायची. हे काम करणाऱ्या जिम डॅनफोर्थने श्रेयनामावलीत आपलं नाव उलट्या अक्षरांनी दिलं. (लाज आणि अभिमान एकाच ओळीत!) याच चित्रपटावर राबलेला डेनिस म्यूरेन तीन वर्षांनी 'स्टार वॉर्स'च्या चमूत होता.

आणि कामुकता काय नवी होती? १९३६च्या मालिकेतही मिंगला नायिका डेल हवी असते, मिंगची मुलगी ऑरा फ्लॅशवर भाळलेली असते. तेव्हा हॉलिवूडची नियमावली कडक होती, म्हणून सगळं नजरेत आणि तोकड्या कपड्यांत उरकलं. १९६८मध्ये ती नियमावली गेली. विडंबनाने झाकलेलं फक्त उघडं केलं.

एका गोष्टीला मात्र त्याने हात लावला नाही. मिंग हे चीनच्या राजघराण्याचं नाव. लोंबत्या मिशा, झुलता झगा, पराई बाई पळवणारा पूर्वेकडचा जुलमी राजा. पडद्यावर भूमिका गोऱ्या चार्ल्स मिडलटनची. विडंबनात त्याचा 'वाँग' झाला, म्हणजे चिनीच राहिला. नायकाची, नीतीची, सगळ्यांची खिल्ली उडाली. पूर्वेचा माणूस वासनांध असतो या समजुतीची तेवढी उडाली नाही. उलट सगळा सिनेमा तिच्यावरच उभा. तो महाल, त्या दासी, ते नाच आपल्या ओळखीचे आहेत. हॉलिवूडचा अरब सुलतान याच सामानातून सजतो.

लहानपणी आम्ही भावंडं हाच खेळ खेळायचो. फ्लॅशला वेगळा वेश लागत नसे, शाळेची चड्डी चालायची. मिंग व्हायचं असेल तर सुरम्याने मिशा काढायच्या आणि अब्बांची शेरवानी अंगात घालायची.